पगाराची चिठ्ठी, कांद्याची पट्टी

सिडकोवाली (धागाकर्ती) | रविवार, रात्री ९.१०

गेल्या महिन्यात निवृत्त झाले. निरोपसमारंभात शाल, श्रीफळ आणि 'अर्थशास्त्र घराघरांत पोहोचवणाऱ्या मॅडम' असं एक वाक्य पदरात पडलं. घरी येऊन कौतुकाने सांगितलं तर आमचे हे पेपरातून मान न काढता म्हणाले, "घराघरांत म्हणजे नेमकं कोणाकोणाच्या?" त्यांनी सहज विचारलं. मी तीन आठवडे तिथेच अडकले आहे, म्हणून हा धागा. लांबणार आहे, चहा घेऊन बसा.

माझे आजोबा लालबागला गिरणीत, वडील सातपूरला फिटर. पगाराच्या दिवशी आमच्या घरी दोन गोष्टी ठरलेल्या. आई पाकीट देवापुढे ठेवायची, आणि मग वडील चिठ्ठी घेऊन पलंगावर बसायचे, 'पॉइंट किती आले' ते बघायला. महागाईचा निर्देशांक ठरावीक आकड्याच्या वर गेला की दर पॉइंटमागे इतके पैसे, असं करारात लिहिलेलं असायचं. आम्हा भावंडांना आमच्या मार्कांपेक्षा वडिलांच्या पॉइंटची धाकधूक जास्त, कारण दिवाळीचे कपडे त्यावर ठरायचे.

आजोबांचा मात्र त्या चिठ्ठीवर विश्वास नव्हता. त्यांच्या डोक्यात १९६३ साल घट्ट बसलेलं. त्या वर्षी मुंबईतले कामगार रस्त्यावर उतरले होते, कारण बाजारात भाव चढत होते आणि सरकारी निर्देशांक काही त्या मानाने हलत नव्हता. शेवटी प्रा. लकडावालांच्या अध्यक्षतेखाली तज्ज्ञ समिती नेमावी लागली. समितीने तपासलं तर निर्देशांक खरोखरच कमी दाखवला जात होता. मग दुरुस्ती झाली. आजोबा म्हणायचे, "खिसा कापला तर निदान हात घालून बघता येतं. आकडा कापला तर कुठे हात घालणार?" मला अर्थशास्त्राची गोडी लागली ती या संशयापायी.

पुण्याला एम.ए. केलं, १९९४ ला नाशिकमध्ये शिकवायला लागले. दुसऱ्याच वर्षी वडिलांच्या युनियनमधले एक काका म्हणाले, आमच्या लोकांना हे पॉइंट एकदा समजावून सांग. सातपूरला एका मंगल कार्यालयाच्या मागच्या खोलीत, रविवारी सकाळी. मी मोठ्या उत्साहात फळ्यावर मागणी-पुरवठ्याचे वक्र काढले. चौथ्या मिनिटाला मागच्या रांगेतून घोरणं ऐकू आलं. माणूस रात्रपाळी करून थेट आला होता, त्याचा काय दोष! पुढच्या रविवारी फळ्याकडे वळलेच नाही. सगळ्यांना पगाराची चिठ्ठी आणायला सांगितली. तेव्हापासून आजतागायत त्या चिठ्ठीवरच भागलं आहे.

त्या चिठ्ठीत काय काय असतं बघा. 'व्यवसाय कर २००.' फेब्रुवारीत ३००, म्हणजे वर्षाचे अडीच हजार. हा कशाचा म्हणून विचारलं की एकमुखी उत्तर: सरकार खातं. मग मी १९७२ च्या दुष्काळापासून सुरुवात करायचे. खायला सुकडी आणि मिलो ज्वारी, कामाला खडी आणि बंडिंग (शेताची बांधबंदिस्ती). वि. स. पाग्यांची रोजगार हमी. 'मागेल त्याला काम' म्हणायला छान, पण मजुरीचा पैसा कुठून आणणार? म्हणून १९७५ ला शहरातल्या पगारदारांवर हा कर बसला. हमीचा कायदा झाला १९७७ ला, लागू झाला २६ जानेवारी १९७९ पासून. दिल्लीला तसा कायदा करायला २००५ साल उजाडलं. एकदा हे सांगत असताना एक बाई मध्येच उठल्या. "म्हंजे मी अठ्ठ्याहत्तरला पेठला खडी फोडली, ती मजुरी ह्यांच्यासारख्यांच्या पगारातनं आली?" शेजारी नवरा बसला होता. तो म्हणाला, "मग आता परत दे." वर्ग दहा मिनिटं हसत होता. (२०२३ पासून २५ हजारांपर्यंत पगार असलेल्या बायकांना हा कर माफ आहे. चिठ्ठीत अजून कापला जात असेल तर हिशेब खात्यात जाऊन भांडा.)

निर्देशांक बनतो कसा हे बघायला एकदा भाव गोळा करणाऱ्या एका गृहस्थांबरोबर बाजारात फिरले. औद्योगिक कामगारांच्या निर्देशांकाचं नाशिक हे एक केंद्र आहे, आपल्याच बाजारातले भाव त्यात जातात. ठरलेला वार, ठरलेलं दुकान, ठरलेल्या जातीचा तांदूळ, ठरलेली चहाची पुडी. दुकानदार गल्ल्यावरून न उठता भाव सांगत होता, हे लिहून घेत होते. कपड्याच्या साबणापाशी आले तसे थांबले. वडी उलटी केली, चष्मा कपाळावर सरकवून बारीक अक्षरं वाचली. "भाव तोच आहे साहेब," दुकानदार म्हणाला. "भाव तोच आहे, वडी पंधरा ग्रॅमने लहान झालीये," असं म्हणून त्यांनी वजनाच्या खाली रेघ मारली. आजोबांना हा माणूस भेटायला हवा होता.

आता जे सांगायचं म्हणून बसले ते.

८ डिसेंबर २०२३, शुक्रवार. कांद्यावर निर्यातबंदी आली. रविवारी १० तारखेला आमचा वर्ग. बायका जास्त होत्या. मी नेहमीच्या आत्मविश्वासाने सांगितलं की बाहेर जाणारा माल इथेच राहील, भाव उतरेल, महिन्याला पाच किलो कांदा लागणाऱ्या घराचे शंभर-दीडशे वाचतील. बायका खूश. खोलीच्या दाराशी माझा निफाड तालुक्यातला मामेभाऊ उभा होता. ट्रॅक्टरचा पार्ट घ्यायला नाशिकला आला होता, वर्ग संपला की घरी जेवायला यायचा होता. आला, जेवला, भाचरांना खाऊला पैसे दिले, गेला. एक शब्द बोलला नाही.

पंधरा दिवसांनी फोनवर दोन फोटो आले. बाजार समितीतल्या दोन पट्ट्या, म्हणजे माल विकल्याच्या पावत्या. एक ६ डिसेंबरची, क्विंटलला ३,६०० रुपये. दुसरी २२ डिसेंबरची, १,७५०. दोन्ही लाल कांद्याच्या, एकाच वावरातल्या. खाली काही लिहिलं नव्हतं. आजही लग्नाकार्यात भेटतो, बोलतो, पण कांद्याचा विषय निघाला की उठून जातो.

मी खोटं काही सांगितलं नव्हतं. पण तीस वर्षं 'कामगारांचं घर' म्हणताना माझ्या डोळ्यांसमोर एकच घर होतं, वडिलांचं, पलंगावर चिठ्ठी घेऊन बसलेलं. मामाचं घरही कष्टकऱ्याचंच, तिथे पगाराची चिठ्ठी नसते एवढंच.

तुमचं काय म्हणणं? विशेषतः नाशिककरांचं.

---

पिंपळपार | रविवार, रात्री ९.४८

ताई, सुरेख लिहिलंय. ते 'मग आता परत दे' वाचून ताटातली मिसळ नाकात गेली.

एक बाळबोध प्रश्न. सिडकोत भाड्याने राहतो, घरमालक दर अकरा महिन्यांनी अंगावर येतो. या निर्देशांकात घरभाडं धरतात का? की सगळा साबण-तांदूळच?

सिडकोवाली | रविवार, रात्री १०.०५

धरतात. पण दर महिन्याला नाही, सहा महिन्यांतून एकदा. त्यामुळे जानेवारी आणि जुलैच्या आकड्यात एकदम उडी दिसते. मध्ये भाडं वाढलं तर ती वाढ आकड्यात दिसेपर्यंत ती तुम्ही पदरमोड करून भरायची. मिसळ जपून खा.

अंबडचा फिटर | रविवार, रात्री १०.३०

मॅडम, मी तुमच्या वर्गात २००३-०४ ला बसलेलो आहे. घोरणारा मी नव्हे.

चिठ्ठी वाचायला तुम्ही शिकवलं, पण रिटायर झाल्यावर चिठ्ठीच बंद. ऑगस्ट २०१९ ला सुटलो. ८५ पासूनची नोकरी, शेवटचा पगार ३८ हजार. पेन्शन साडेतीन हजारांच्या आसपास. पहिल्या महिन्यात जेवढी आली तेवढीच आजही येते. मुलगा म्हणतो बाबा तुमचं काहीतरी चुकलंय, ऑफिसात जाऊन या. दोनदा गेलो, बरोबर आहे म्हणतात. बरोबर असेल तर अशी कशी?

सिडकोवाली | रविवार, रात्री ११.१५

दादा, हिशेब मांडते, पेन घ्या.

तुमची पेन्शन १९९५ च्या कर्मचारी पेन्शन योजनेतली. ती १६ नोव्हेंबर १९९५ ला सुरू झाली. सूत्र साधं आहे: पगार गुणिले वर्षं, भागिले ७०. मेख आहे ती 'पगार' या शब्दात. जास्त पगारावर पेन्शन घेण्याचा पर्याय दिलेला नसेल तर तुमचे ३८ हजार तिथे ३८ हजार नसतात. ऑगस्ट २०१४ पर्यंतच्या नोकरीला ६,५०० धरतात, त्यानंतरच्या नोकरीला १५,०००.

पहिला तुकडा: १९ वर्षं × ६,५०० ÷ ७० = १,७६४.
दुसरा तुकडा: ५ वर्षं × १५,००० ÷ ७० = १,०७१.
झाले २,८३५. वीस वर्षांच्या वर नोकरी म्हणून दोन वर्षं जास्त धरतात, आणि ९५ च्या आधीच्या नोकरीचे थोडे. म्हणजे तुमचा आकडा बरोबर वाटतोय. ऑफिसातले खोटं बोलत नाहीत.

वाढत का नाही, तर या पेन्शनला महागाई भत्ता जोडलेलाच नाही. कामावर होतात तोवर साबणाची वडी पंधरा ग्रॅमने लहान झाली तरी कधी ना कधी ते तुमच्या चिठ्ठीत येत होतं. आता कितीही मोठी भाववाढ झाली तरी तुमच्या आकड्याला त्याचा पत्ता नाही. किमान पेन्शन १,००० रुपये, तीही २०१४ पासून तशीच.



अंबडचा फिटर | सोमवार, सकाळी ६.२०

समजलं. मुलाला दाखवतो. चुकलं नाही हे कळलं तरी बरं वाटायला हवं होतं, तसं काही वाटेना.

निफाडकर | सोमवार, सकाळी ७.०५

ताई, राग मानू नका, पण तुमचा मामेभाऊ गप्प बसला हे त्याचे संस्कार. मी असतो तर वर्गातच उठलो असतो.

तुम्ही एका बंदीचं लिहिलं. आम्ही त्या वर्षी काय काय बघितलं ते ऐका. २०२३ च्या फेब्रुवारीत लाल कांदा पाचशे-सहाशेला मागत होते, उभ्या पिकात रोटावेटर फिरवला लोकांनी. सरकारने क्विंटलला ३५० अनुदान दिलं, दोनशे क्विंटलपर्यंत. ठीक. पुढे ऑगस्टात जरा भाव सुधारायला लागला तर १९ तारखेला ४० टक्के निर्यातशुल्क. काही दिवस लिलाव बंद. ऑक्टोबरच्या शेवटी टनाला ८०० डॉलर किमान भाव, त्याच्या खाली बाहेर पाठवायचा नाही. तरी भागलं नाही म्हणून डिसेंबरात बंदी. ४ मे ला उठवली, तर ५५० डॉलर आणि ४० टक्के शुल्क शिल्लकच. सप्टेंबर २०२४ ला ५५० डॉलरची अट काढली, शुल्क २० वर आणलं. ते २० टक्के गेले १ एप्रिल २०२५ ला. आता मला सांगा, रोप टाकायच्या वेळेला माणसाने यातली कुठली तारीख धरून हिशेब करायचा?

आणि शहरात लोक म्हणतात, साठवून ठेवा की. उन्हाळ कांदा चाळीत (कांदा साठवायच्या हवेशीर छपरात) राहतो, त्यातही वजन घटतं, सड होते, कोंब फुटतात. डिसेंबरचा लाल कांदा टिकतच नाही. काढला की ट्रॉलीत आणि ट्रॉली मार्केटात. त्या दिवशी जो भाव पुकारला तो आपला. तुमच्या भावाकडे २२ तारखेला दुसरा मार्गच नव्हता.

अर्थहीन | सोमवार, दुपारी १.३०

मी एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाला आहे, त्यामुळे थोडा आगाऊपणा.

मॅडम, तुम्ही स्वतःला उगाच फटके मारताय असं वाटतं. कुठल्याही धोरणात कोणाचं तरी जातं, कोणाला तरी मिळतं. म्हणून तर सरासरी काढतात. अर्थतज्ज्ञ दांडेकर आणि रथांनी १९७१ मध्ये दारिद्र्याचा अभ्यास मांडला तेव्हाही माणशी खर्चाची एक रेघ ओढावीच लागली: १९६०-६१ च्या भावाने खेड्यात वर्षाला १८० रुपये, शहरात २७०. रेघ ओढली म्हणून तर रेघेखाली किती लोक आहेत यावर भांडता आलं.

आणि गंमत म्हणून तुमच्या भावाच्या दोन पट्ट्यांचं गणित केलं. एका ट्रॉलीत २२ क्विंटल धरूया. क्विंटलमागे १,८५० गेले, म्हणजे ट्रॉलीमागे ४०,७०० रुपये. आता २,२०० किलो म्हणजे महिन्याला पाच किलो खाणारी ४४० घरं. किलोमागे साडेअठरा वाचले तर घराला ९२ रुपये ५० पैसे. ४४० × ९२.५० = ४०,७००. एका घरातून निघालेले पैसे ४४० घरांत गेले. हवेत विरले नाहीत.

निवडणुकीच्या दृष्टीने बघितलं तर एका बाजूला एक घर, दुसऱ्या बाजूला ४४०. उत्तर यातच आहे.

निफाडकर | सोमवार, दुपारी १.५२

भाऊ, गणित चोख आहे. त्या ४४० घरांना विचारलंस का, साडेअठरा मिळाले का म्हणून?

येवलेकर | सोमवार, सायंकाळी ५.४०

अर्थहीन यांनी काढलेला मुद्दा शंभर वर्षं जुना आहे. बाबासाहेबांनी १९२३ मध्ये 'द प्रॉब्लेम ऑफ द रुपी' लिहिलं. तेव्हा वाद होता रुपयाचा भाव उतरलेला बरा की चढलेला. व्यापारी म्हणत, रुपया स्वस्त असला की निर्यात वाढते, देशाचा फायदा. बाबासाहेबांनी विचारलं की हा फायदा येतो कुठून? रुपया उतरला की देशात भाव चढतात, मजुरी मात्र त्या वेगाने चढत नाही. म्हणजे एका वर्गाचा नफा हा दुसऱ्याच्या ताटातला घास. 'देशाचा फायदा' म्हणताना देशात कोण कोण धरलंय ते आधी सांगा, असा तो सगळा युक्तिवाद.

आम्ही येवल्याचे लोक त्यांना १९३५ च्या धर्मांतराच्या घोषणेसाठी ओळखतो, नाशिककर काळाराम सत्याग्रहासाठी. ते मुळात पैशाचे अर्थशास्त्रज्ञ होते हे आमच्याच मुलांना सांगावं लागतं. मजूर खातं त्यांच्याकडे असताना कारखान्याचे आठवड्याचे तास ५४ वरून ४८ वर आणण्याची तयारी झाली, कायद्यात ते १९४६ ला आलं. अंबडच्या फिटर काकांनी जी पाळी केली तिची लांबी तिथे ठरली.

मात्र कांद्याच्या बाबतीत हा युक्तिवाद उलटा पडतो हेही खरं. इथे निर्यात करणारा गिरणीमालक नाही, दोन एकरवाला आहे.

सिडकोवाली | सोमवार, रात्री ९.३०

येवलेकर, शेवटचं वाक्य माझ्या वर्गात वापरणार. तुमचं नाव सांगेन.

अर्थहीन, बाळा, आगाऊपणा नाही, चांगलं गणित आहे. सरासरीशी माझं भांडण नाही, जन्मभर तिच्यावर पोट भरलं. पण सरासरीत कोण बसलंय ते बघ. औद्योगिक कामगारांच्या निर्देशांकात घर कुणाचं धरतात? कारखाने, खाणी, मळे, रेल्वे, मोटार वाहतूक, वीज, बंदरं, या सात ठिकाणी अंगमेहनत करून निम्म्याहून जास्त मिळकत असलेल्यांचं. हातगाडीवाला त्यात नाही. बांधकामावरचा नाही. द्राक्षाच्या बागेत थिनिंगला (घड विरळ करायला) जाणारी बाई नाही. पण किमान वेतनाचा विशेष भत्ता दर सहा महिन्यांनी ठरतो तो महागाईच्या अशाच आकड्यावरून.

आणि वजनं, म्हणजे निर्देशांकात कुठल्या खर्चाचा किती वाटा धरायचा ते. २०१६ हे पायाभूत वर्ष धरलं तेव्हा खाण्यापिण्याचा वाटा ४६.२ वरून ३९.१७ वर आला. चूक नाही त्यात. लोकांचा मोबाईल, शाळा, दवाखाना यांवरचा खर्च वाढला, म्हणून खाण्याचा टक्का घटला. पण ज्या घरात अजून निम्मा पगार डब्यातच जातो, त्या घराची महागाई आता आकड्यात पूर्वीपेक्षा कमी दिसते. नव्या आकड्याला २.८८ ने गुणून जुन्या मालिकेतला आकडा काढता येतो. या गुणाकाराने ते घर परत येत नाही.

नाशिकरोडची सून | सोमवार, रात्री ११.०५

मी कधी या विभागात लिहीत नाही, पाककृतीत असते. पण निफाडकरांचा प्रश्न वाचून राहवलं नाही.

माझ्या सासूबाई प्रेसमध्ये होत्या. नोटा छापायच्या ठिकाणी काम करणाऱ्या बाईच्या घरात पैशाचा हिशेब किती कडक असेल याची कल्पना करा. लग्न होऊन आले तेव्हा मंगळसूत्राच्या आधी मला वही मिळाली असं मी गमतीने म्हणते. तेव्हापासून रोज लिहिते. आत्ता माळ्यावरून २०२३ ची वही काढली (धूळ, शिंका, नवऱ्याची बोलणी).

२ डिसेंबर: कांदा ५ किलो, २५०.
३० डिसेंबर: कांदा ५ किलो, २००.

एकच भाजीवाला, दोन्ही वेळा लाल. किलोला दहा उतरले. साडेअठरा नाही.

अर्थहीन | सोमवार, रात्री ११.२०

थांबा. मग ४४० घरांना प्रत्येकी ५० रुपये. म्हणजे २२,०००. ट्रॉलीतून गेले ४०,७००. मधले १८,७००?

निफाडकर | मंगळवार, सकाळी ६.४०

काल विचारलं तेच.

पिंपळपार | मंगळवार, सकाळी ९.१५

हा धागा पाककृती विभागात हलवा, तिथे जास्त अर्थशास्त्र आहे.

सिडकोवाली | मंगळवार, दुपारी ३.००

सूनबाई, त्या वहीला माझा नमस्कार सांगा. आणि सासूबाईंना साष्टांग.

अर्थहीन, १८,७०० वर लगेच 'दलालांनी खाल्ले' असं लिहून मोकळा होऊ नकोस (निफाडकर, तुम्हीही). एक पट्टी आणि एक वही, त्यावर सिद्धान्त उभा राहत नाही. बाजार समितीतून भाजीवाल्याच्या हातगाडीपर्यंत येताना निवड, गोणी, गाडीभाडं, सड, सगळं मध्ये असतं. महागात घेतलेला जुना माल संपेपर्यंत हातगाडीवाला भाव उतरवत नाही, आणि चढताना मात्र दुसऱ्याच दिवशी चढवतो. तोही बिचारा निर्देशांकाबाहेरचाच. किती त्याचं, किती वरच्याचं, हे काढायला दोन्ही टोकांचे रोजचे भाव शेजारी शेजारी लावावे लागतील. मी ते कधी केलं नाही. पगाराची चिठ्ठी मागितली, घरखर्चाची वही मागितली, पट्टी कधी मागितली नाही. मामाचं घर पंचेचाळीस किलोमीटरवर असून.

दहा तारखेला मी बायकांना शंभर-दीडशे सांगितले होते. वहीत पन्नास निघाले. दोन्हीकडे चुकले.

नाशिकरोडची सून | मंगळवार, दुपारी ३.४०

ताई, पन्नासला कमी समजू नका. आमच्या घरकामाच्या मावशींना मी त्या महिन्यात विचारलं होतं, कारण त्यांनी कांदा घेणंच बंद केलं होतं. मिरचीचा ठेचा आणि भाकरी. ३० तारखेला त्यांनी अर्धा किलो घेतला. वहीत आहे, कारण पैसे माझ्याकडून उसने नेले. वीस रुपये.

निफाडकर | मंगळवार, सायंकाळी ७.१०

मावशींचं वाचलं. माझा राग त्यांच्यावर कधीच नव्हता.

ताई, पट्ट्या पाहिजेत तर माझ्याकडे २०११ पासूनच्या सगळ्या आहेत, बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यात. झेरॉक्स काढून देतो. पण आत्ता द्राक्षाची छाटणी चालू आहे, दिवाळीनंतर या.

अर्थहीन | मंगळवार, रात्री ८.००

मी येऊ का मॅडम? टाइपिंगचं काम करतो. प्रबंधाचा विषय अजून दिलेला नाही.

सिडकोवाली | मंगळवार, रात्री ८.२५

ये. निफाडकरांच्या घरी जाताना रिकाम्या हाताने जायचं नाही एवढं लक्षात ठेव, आणि ट्रॉलीत बसून मार्केटला जायची तयारी ठेव. पहाटे निघतात.

सूनबाई, वहीची फक्त कांद्याची ओळ दिलीत तरी चालेल, बाकी तुमच्या घरचं.

दूरदेशी | बुधवार, पहाटे २.१५

वाचतोय. पु.भा.प्र. (पुढील भागाच्या प्रतीक्षेत)

सिडकोवाली | बुधवार, रात्री ९.५०

हा धागा काल मामेभावाला पाठवला. काही न लिहिता, जसे त्याने फोटो पाठवले होते तसा. आज संध्याकाळी उत्तर आलं. पावणेदोन वर्षांत कांद्यावर त्याने मला लिहिलेलं पहिलं वाक्य:

"२२ नाही, २१ क्विंटल ६० किलो होता. नीट कर."

केलं. ३९,९६० रुपये. घरं ४३२.